गुण नकोत, तारीख द्या!

गेल्या वर्षी जानेवारी महिन्यात एक मुलगी आपल्या वडिलांना घेऊन माझ्या कार्यालयात आली. वडील नगरपालिकेत सफाई कामगार. ‘जय भीम, साहेब’ म्हणून ते खुर्चीच्या कडेवर बसले आणि पुढचा अर्धा तास मुलगीच बोलत राहिली. तिने पिशवीतून एक प्लास्टिकचे फोल्डर काढले. त्यात हॉल तिकीट होते, गुणपत्रिका होती, फी भरल्याच्या दोन पावत्या होत्या आणि उत्तरपत्रिकेची झेरॉक्स होती. कायद्याच्या शेवटच्या सत्राचा एक पेपर चार गुणांनी गेला होता. झेरॉक्समध्ये सहाव्या प्रश्नाच्या उत्तरावर लाल शाईची एक उभी रेघ होती आणि गुणांच्या चौकटीत काहीच नव्हते. शून्यही नव्हते.

मे महिन्यात परीक्षा झाली, जुलैत निकाल लागला, ऑगस्टमध्ये तिने पुनर्मूल्यांकनाचा अर्ज भरला. सप्टेंबर गेला, ऑक्टोबर गेला. नोव्हेंबरमध्ये त्याच पेपरची पुन्हा परीक्षा आली. अर्जाचा निकाल नाही म्हणून तिने पुन्हा फी भरली, पुन्हा पेपर दिला. त्याचाही निकाल जानेवारीपर्यंत नव्हता. म्हणजे एकाच विषयात ती दोनदा परीक्षेला बसली होती, तीनदा पैसे भरून चुकली होती आणि आपण पास आहोत की नापास, हे तिला कोणी सांगत नव्हते. दरम्यान एल.एल.एम.चे प्रवेश होऊन गेले. सनदेचा अर्ज करता येईना. ती एका मेडिकल दुकानात बसू लागली होती.

सगळे ऐकून झाल्यावर वडील पहिल्यांदा बोलले. “साहेब, पोरगी नापास असेल तर नापास म्हणा. पण म्हणा तरी!”

त्या विद्यापीठाचे नाव मी येथे लिहीत नाही. नाव लिहिले की बाकीची विद्यापीठे सुटकेचा श्वास सोडतात आणि वाचकालाही वाटते की आपल्या जिल्ह्यात असे होत नसेल. मात्र वडिलांच्या त्या एका वाक्यात जो कायदा आहे तो वकिलांनी, विद्यार्थी संघटनांनी आणि आपल्या चळवळीतील कार्यकर्त्यांनी नीट समजून घेतला पाहिजे, म्हणून हा लेख.

पेपर तपासणीवर अन्याय झाला की आपला विद्यार्थी पहिल्यांदा म्हणतो, ‘मला गुण कमी दिले. कोर्टात जाऊन गुण वाढवून घेऊ.’ येथेच त्याची पहिली चूक होते. न्यायालय गुण देत नाही. १९८४ साली सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्राच्याच शिक्षण मंडळाच्या प्रकरणात, ज्याला वकीलवर्ग ‘परितोष शेठ खटला’ म्हणून ओळखतो, हे स्पष्ट करून टाकले. दहावी-बारावीच्या उत्तरपत्रिका पाहू देणार नाही, पुन्हा तपासणार नाही, असा मंडळाचा नियम होता. आपल्या मुंबई उच्च न्यायालयाने विद्यार्थ्यांची बाजू घेऊन तो नियम रद्द केला होता. सर्वोच्च न्यायालयाने तो पुन्हा जिवंत केला. नियमात तरतूद नसेल तर पुनर्मूल्यांकन हा हक्क म्हणून मागता येत नाही आणि शिक्षणक्षेत्रातील जाणकारांच्या निर्णयाच्या जागी न्यायालयाने आपला निर्णय घालू नये, असा त्याचा सारांश. तीस-पस्तीस वर्षांनी रणविजय सिंह यांच्या २०१७ च्या प्रसिद्ध निकालातही न्यायालय तेथेच उभे राहिले. उलट एक पाऊल पुढे जाऊन म्हणाले की शंका असेल तर तिचा फायदा परीक्षा घेणाऱ्या संस्थेला द्यावा, उमेदवाराला नव्हे.

हा दृष्टिकोन मला पटत नाही. ज्याच्या हाती लाल पेन आहे त्याच्या बाजूने आधीच गृहीत धरायचे आणि ज्याच्या हाती काहीच नाही त्याने सिद्ध करत बसायचे, हे संविधानाच्या अनुच्छेद १४ मधल्या समतेशी कसे जुळते, हा प्रश्न माझ्या मनातून जात नाही. परंतु न्यायालयात उभे राहताना वकिलाला आपला राग घरी ठेवावा लागतो. कायदा आज असा आहे, हे मान्य करूनच वाट काढावी लागते.

आणि वाट आहे. न्यायालय गुणांना हात लावत नाही, पण तारखेला लावते. विद्यापीठाने स्वतःच नियम केला, स्वतःच अर्ज मागवले, स्वतःच फी घेतली. त्यानंतर निर्णय देण्याचे कर्तव्य टाळत बसणे हे शैक्षणिक मत राहत नाही. तो सरळ प्रशासकीय कसूर होतो. सार्वजनिक संस्थेने आपले कर्तव्य केले नाही तर ते करायला लावणारा आदेश म्हणजे परमादेश, आणि तो देण्याचा अधिकार अनुच्छेद २२६ ने उच्च न्यायालयाला दिलेला आहे. म्हणून याचिकेतली मुख्य मागणी ‘माझे गुण वाढवा’ अशी नसावी. ‘माझ्या अर्जाचा निकाल अमुक दिवसांत जाहीर करा, आणि तोपर्यंत माझा पुढचा प्रवेश अडवू नका’ अशी असावी. पहिल्या मागणीवर न्यायाधीश मान हलवतात. दुसऱ्या मागणीवर विद्यापीठाच्या वकिलाकडे पाहून विचारतात, ‘कधी देता?’ मी हे अनेकदा पाहिले आहे.

वर ज्या मुलीची हकिगत सांगितली, तिच्या याचिकेत आम्ही नेमके हेच केले. पहिल्या तारखेला विद्यापीठाच्या वकिलांनी ‘सूचना घेतो’ म्हणून वेळ मागितला. न्यायालयाने एक आठवडा दिला. दुसऱ्या तारखेच्या आदल्या संध्याकाळी साडेसहा वाजता मुलीच्या मोबाइलवर निकाल आला. अकरा गुण वाढले होते. ती पास होती. मे महिन्यापासून पास होती! जे काम पाच महिन्यांत झाले नाही ते आठवड्यात झाले. मनुष्यबळ तेच, संगणक तोच, गठ्ठाही तोच. मग पाच महिने तो गठ्ठा कोणत्या कपाटात, कोणाच्या सहीसाठी पडून होता? हा प्रश्न आम्ही न्यायालयात विचारला. ‘आता निकाल लागला आहे, याचिका निकाली काढावी’ असे विद्यापीठाचे म्हणणे पडले आणि याचिका निकाली निघाली. ही या लढाईची दुसरी बाजू आहे. विद्यापीठ आदल्या दिवशी निकाल देऊन मोकळे होते आणि उशिराचा हिशेब कधीच मांडला जात नाही.

महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठे अधिनियम, २०१६ च्या कलम ८९ मध्ये निकालाची मुदत लिहिलेली आहे. परीक्षेच्या शेवटच्या दिवसापासून ३० दिवसांत निकाल लावण्याचा प्रयत्न करायचा आणि कोणत्याही परिस्थितीत ४५ दिवसांच्या आत लावायचाच. तसे जमले नाही तर उशिराची कारणे देणारा सविस्तर अहवाल कुलपतींना, म्हणजे राज्यपालांना, आणि राज्य शासनाला सादर करायचा. हे कलम आपल्या विद्यार्थी कार्यकर्त्यांना पाठ असले पाहिजे. मूळ निकालाला उशीर झाला असेल तर माहिती अधिकारात एक साधा अर्ज टाका आणि ‘कलम ८९ खाली कुलपतींना पाठवलेल्या अहवालाची प्रत द्या’ एवढेच मागा. अहवाल असेल तर कारणे कळतील. नसेल तर विद्यापीठाने कायदा मोडल्याचा लेखी पुरावाच तुमच्या हाती येईल. दहा रुपयांच्या अर्जात एवढे मोठे काम दुसरे होत नाही. दारिद्र्यरेषेखालील अर्जदाराला तर तेही दहा रुपये लागत नाहीत.

पुनर्मूल्यांकनाची मुदत मात्र प्रत्येक विद्यापीठ आपापल्या परिपत्रकात ठरवते आणि ते परिपत्रक अर्जाच्या फॉर्मशेजारी बहुधा लावलेले नसते. ते आधी मिळवावे. न्यायालयात उभे राहताना विद्यापीठाचा स्वतःचा कागद हातात असणे यासारखा दुसरा आधार नाही.

२०१७ साली मुंबई विद्यापीठात जे घडले ते वाचकांना आठवत असेल. सुमारे १७ लाख उत्तरपत्रिका संगणकाच्या पडद्यावर तपासण्याचा निर्णय तेव्हाचे कुलगुरू डॉ. संजय देशमुख यांनी एकाच दमात सगळ्या परीक्षांना लागू केला. उत्तरपत्रिका स्कॅन करायच्या, प्राध्यापकांनी त्या पडद्यावर उघडून गुण टाकायचे, असा हा बेत. कल्पना वाईट नव्हती. परंतु आधी एखाद्या विद्याशाखेत चाचणी घ्यावी, प्राध्यापकांना शिकवावे, यंत्रणा उभी आहे का पाहावे, हे काही नीट झाले नाही. जूनमध्ये लागायचे निकाल जुलैत नाहीत. कुलपती चे. विद्यासागर राव यांनी ३१ जुलैची मुदत घालून दिली, तीही उलटली. उत्तरपत्रिका सापडेनात, एकाची पुरवणी दुसऱ्याला जोडलेली. शेवटचे निकाल सप्टेंबरात लागले आणि त्यात कायद्याचे विद्यार्थी सर्वात मागे राहिले. या विद्यार्थ्यांनी उच्च न्यायालयाचे दरवाजे ठोठावले, हे विशेष. ज्यांना वकील व्हायचे होते त्यांनी पहिली याचिका स्वतःच्याच निकालासाठी केली! २४ ऑक्टोबर २०१७ रोजी कुलपतींनी कुलगुरूंना पदावरून दूर केले.

कुलगुरू गेले म्हणून वृत्तपत्रांनी विषय संपवला. विद्यार्थ्यांचा विषय तेव्हा कुठे सुरू झाला होता. चुकीच्या निकालांमुळे पुनर्मूल्यांकनाच्या अर्जांचा ढीग पडला, आणि जी यंत्रणा पहिल्यांदा तपासताना कोलमडली होती तिलाच ते पुन्हा तपासायचे होते. मुंबई विद्यापीठाचे कार्यक्षेत्र थेट सिंधुदुर्गापर्यंत पसरलेले आहे, हे मुंबईच्या वर्तमानपत्रांना सहसा आठवत नाही. चर्चगेटला राहणारा विद्यार्थी लोकलने कलिन्याला जाऊन चौकशी करून दुपारी घरी परततो. सावंतवाडीच्या, मंडणगडच्या मुलाला रात्रीच्या एस.टी.ने निघावे लागते, सकाळी खिडकीसमोर उभे राहावे लागते, ‘सोमवारी या’ हे शब्द ऐकावे लागतात आणि सोमवारपर्यंत मुंबईत राहायचे कुठे हा प्रश्न सोडवावा लागतो. कलिना संकुलातील परीक्षा भवनाला महात्मा जोतीराव फुले यांचे नाव आहे. ज्यांनी हंटर आयोगासमोर शूद्रातिशूद्रांच्या शिक्षणाची बाजू मांडली त्यांच्या नावाच्या इमारतीखाली शेतकऱ्याचा, मजुराचा मुलगा रांगेत ताटकळतो, हे पाहून मला दर वेळी लाज वाटते.

‘उशीर सगळ्यांनाच होतो, त्यात जात कशाला आणता?’ असे काही मित्र विचारतात. बरोबर आहे, गठ्ठ्यात जात दिसत नाही. पण उशीर ज्याच्या घरी पोचतो त्या घराची जात असते. सधन घरातला मुलगा वर्षभर थांबू शकतो. बाप म्हणतो, ‘तोपर्यंत एखादा कोर्स कर.’ आपल्या मुलाच्या निकालावर मात्र बाकी सगळे अवलंबून असते. मॅट्रिकोत्तर शिष्यवृत्तीच्या नूतनीकरणाला मागच्या वर्षीची गुणपत्रिका लागते. समाजकल्याणच्या वसतिगृहात पुढच्या वर्षी जागा मिळायची तर उत्तीर्ण असावे लागते. स्वाधार योजनेला टक्केवारीची अट आहे, परदेशी शिष्यवृत्तीलाही आहे, आणि त्यांच्या अर्जाची तारीख परीक्षा विभागासाठी थांबत नाही. एका पेपरचा निकाल अडला की खोली जाते, मेस जाते, शिष्यवृत्ती जाते, आणि मुलगा गावी परततो. गावी परतलेला मुलगा नाक्यावर उभा राहतो. तीन महिन्यांनी विद्यापीठ कळवते की आपण उत्तीर्ण आहात. कोणाला कळवते? तो पत्ता तोपर्यंत बदललेला असतो.

रोहित वेमुलाची सात महिन्यांची फेलोशिप थकलेली होती, हे त्याने २०१६ च्या आपल्या शेवटच्या पत्रात लिहून ठेवले होते. त्याच्यावरील अन्यायाची कारणे अनेक होती, पण कागद अडवून ठेवणे हेही त्यातले एक हत्यार होते, हे आपण विसरता कामा नये. दिल्लीच्या एम्समधील भेदभावाच्या चौकशीसाठी नेमलेल्या प्रा. सुखदेव थोरात समितीने २००७ च्या अहवालात अनुसूचित जाती-जमातींच्या विद्यार्थ्यांना मूल्यमापनात, विशेषतः तोंडी व प्रात्यक्षिक परीक्षेत, पक्षपात सोसावा लागत असल्याची नोंद केली. लेखी परीक्षेत निदान उत्तरपत्रिका मागे उरते. ती मागता येते, दाखवता येते. म्हणूनच ती वेळेत पुन्हा तपासली जाण्याला आपल्या समाजाच्या दृष्टीने जास्त मोल आहे.

१९२७ साली मुंबई विधिमंडळात विद्यापीठ कायद्याच्या दुरुस्तीवर परमपूज्य डॉ. बाबासाहेब आंबेडकर बोलले. बुद्धी आहे पण पैसा नाही, किंवा जगण्यातल्या इतर अडचणी आड येतात, अशांना शिक्षणाच्या सोयी पोचवणारी यंत्रणा, या नजरेने आपण विद्यापीठाकडे पाहतो, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय होता. तिच्या कारभारात मागासवर्गीयांचे प्रतिनिधी असावेत, हा त्यांचा आग्रह होता. आज अधिसभेत राखीव जागा आहेत, आपली माणसे निवडूनही जातात. अधिसभेच्या बैठकीत अंदाजपत्रक, नामांतर, स्मारक यांवर आपली माणसे आवाज उठवतात, उठवलाच पाहिजे. परंतु ‘पुनर्मूल्यांकनाचे किती अर्ज आले, किती निकाली निघाले, किती दिवसांत निघाले आणि किती जणांचे गुण बदलले’ हा प्रश्न दर बैठकीला लेखी विचारणारा सदस्य मला अजून भेटायचा आहे.

बाबासाहेबांच्या आयुष्यातही फेरतपासणीसारखा एक प्रसंग आहे. लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्सला दिलेला ‘रुपयाचा प्रश्न’ हा प्रबंध परीक्षकांनी सुधारून मागितला. बाबासाहेबांनी तो सुधारून पाठवला आणि १९२३ सालीच त्यांना डी.एस्सी. पदवी मिळाली. परका देश, परके राज्यकर्ते, जहाजाने जाणारे टपाल. तरी वर्षाच्या आत निकाल! आज उत्तरपत्रिका एका बटणावर उघडते आणि निकालाला पाच महिने लागतात.

प्राध्यापकांची बाजूही सांगितली पाहिजे. कायम पदे रिकामी आहेत. तासिका तत्त्वावर काम करणारा प्राध्यापक सकाळी एका महाविद्यालयात, दुपारी दुसऱ्या महाविद्यालयात शिकवतो आणि रात्री गठ्ठे तपासतो. त्याचे स्वतःचे मानधन थकलेले असते. त्यात आपली मुलेही आहेत, नेट-सेट होऊन वर्षानुवर्षे तासिकेवर राबणारी. दोष त्यांच्यावर टाकून कुलगुरूंनी सुटू नये. भरती न करणे हा शासनाचा निर्णय आहे आणि त्याची किंमत विद्यार्थी भरतो आहे.

आता ज्यांचा अर्ज आज अडलेला आहे त्यांच्यासाठी.

गुणपडताळणी आणि पुनर्मूल्यांकन हे दोन वेगळे अर्ज आहेत. पडताळणीत बेरीज बरोबर आहे का, एखादे उत्तर तपासायचे राहिले का, एवढेच पाहतात. पुनर्मूल्यांकनात दुसरा परीक्षक उत्तर पुन्हा वाचतो. वरच्या मुलीसारखी चौकट रिकामी असेल तर दोन्ही मुद्दे अर्जात लिहा. त्याआधी झेरॉक्स घ्या. उत्तरपत्रिका ही विद्यार्थ्याने मागायची ‘माहिती’ आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने ९ ऑगस्ट २०११ च्या आदित्य बंदोपाध्याय निकालात मान्य केले आहे. लोकसेवा आयोगाच्या परीक्षांबाबत २०१८ मध्ये न्यायालयाने हात आखडता घेतला, पण विद्यापीठाच्या विद्यार्थ्याने त्याने घाबरू नये.

दुसरे, तोंडी बोलणे बंद करा. खिडकीवरच्या बाबूने ‘होईल’ म्हटले याला न्यायालयात काडीची किंमत नाही. एक पानाचे निवेदन लिहा: अर्जाची तारीख, भरलेली फी, काय अडले आहे आणि कोणत्या तारखेपर्यंत निकाल हवा. परीक्षा व मूल्यमापन मंडळाच्या संचालकांना द्या, प्रत कुलगुरूंना द्या आणि दोन्हींवर आवक शिक्क्याची पोच घ्या. पोच देत नसतील तर स्पीड पोस्ट करा. याचिकेत न्यायाधीश सगळ्यात आधी विचारतात ते हेच: तुम्ही त्यांच्याकडे मागितले होते का?

तिसरे, विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०२३ च्या तक्रार निवारण विनियमांप्रमाणे विद्यार्थी तक्रार निवारण समिती आणि तिच्यावर लोकपाल असावा लागतो. निकालाला झालेला उशीर ही त्यात स्पष्टपणे ‘तक्रार’ धरली आहे. समितीने १५ कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यायचा आहे. त्या समितीवर अनुसूचित जाती, जमाती किंवा इतर मागासवर्गातील किमान एक सदस्य किंवा अध्यक्ष हवा, हेही विनियमात आहे. आपल्या महाविद्यालयात तो कोण आहे, विचारून पाहा. लोकपाल निव्वळ गुणवाढीसाठीचे अपील ऐकत नाहीत, निकालावर परिणाम करणारी ठोस अनियमितता किंवा भेदभाव दाखवावा लागतो. म्हणजे येथेही तेच. गुण मागाल तर दार बंद, उशीर दाखवाल तर उघडे.

ग्राहक न्यायालयात जाऊ नका. परीक्षा घेणारी संस्था ‘सेवा’ पुरवत नाही आणि विद्यार्थी तिचा ग्राहक नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये बिहारच्या परीक्षा मंडळाच्या प्रकरणात ठरवून टाकले आहे. तेथे वर्ष घालवून माझ्याकडे आलेली मुले मी पाहिली आहेत.

उच्च न्यायालय म्हटले की आपल्या माणसाच्या डोळ्यांसमोर लाखाची फी उभी राहते. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तीला आणि स्त्रीला मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. उत्पन्न कितीही असो! उच्च न्यायालयाच्या विधी सेवा समितीकडे जातीचा दाखला जोडून अर्ज करता येतो. मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर येथे न्यायपीठे आहेतच. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाल्याने सिंधुदुर्ग-रत्नागिरीपासून सोलापूरपर्यंतच्या मुलांचा मुंबईचा फेरा वाचला आहे.

आणि लवकर या. २०२१ मध्ये मुंबईच्या आय.आय.टी.त प्रवेशाची फी तांत्रिक अडचणीमुळे भरता न आलेल्या दलित विद्यार्थ्यासाठी सर्वोच्च न्यायालयाने जागा निर्माण करायला लावली. २०२४ मध्ये १७,५०० रुपये वेळेत जमले नाहीत म्हणून धनबादच्या आय.आय.टी.ची जागा गमावलेल्या उत्तर प्रदेशातील मजुराच्या मुलालाही प्रवेश दिला. ही मुले थांबली नाहीत. एका दारातून दुसऱ्या दारात लगेच गेली, म्हणून न्यायालयाने हात दिला. २०१९ मध्ये तर सर्वोच्च न्यायालयाने वैद्यकीय प्रवेशाच्या प्रकरणात म्हटले की ज्याची चूक नाही आणि ज्याने वेळ घालवला नाही अशा विद्यार्थ्याला पुढच्या वर्षी जागा देता येईल, नुकसानभरपाईही देता येईल. उलट, वर्ष उलटल्यावर आलेल्याला ‘आता प्रवेश संपले’ हेच ऐकावे लागते. आपला विद्यार्थी सोसत बसतो, आशेवर बसतो, ‘साहेब नाराज होतील, पुढच्या पेपरला त्रास देतील’ म्हणून बसतो. ही भीती खोटी आहे असे मी म्हणणार नाही. पण याचिका दहा जणांनी मिळून केली तर भीती दहाव्या हिश्श्याची होते.

येथे चळवळीची गरज आहे. जयंतीला आपण ढोल-डीजेवर जो खर्च करतो त्याच्या व्याजात प्रत्येक जिल्ह्यात एक टेबल चालू शकते. दर निकालानंतर पंधरा दिवस, बुद्धविहारात, संध्याकाळी सहा ते आठ. एक संगणक, एक स्कॅनर, कायद्याचे दोन विद्यार्थी आणि आठवड्यातून एकदा येणारा एक वकील. ‘शिका, संघटित व्हा’ हे आपण भिंतीवर लिहिले आहे. या टेबलावर दोन्ही एकदमच होतात. आमच्या तालुक्यात गेल्या जुलैपासून असे टेबल लागते. पहिल्या आठवड्यात फक्त तीन मुले आली, तीही आया घेऊन आल्या. आता पालक फोन करून विचारतात की यंदा टेबल कधी लागणार.

त्या टेबलावर बसणाऱ्या दोन विद्यार्थ्यांना कागद कसे लावायचे हे जिने शिकवले ती तीच मुलगी. तिची सनद आली. सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२४ मध्ये नोंदणी फीवर लगाम घातल्यामुळे अनुसूचित जातीच्या उमेदवाराला १२५ रुपयांत नोंदणी होते. तेवढेच तिने भरले. एल.एल.एम.चे ते वर्ष मात्र गेले. नोव्हेंबरच्या ज्या परीक्षेला ती विनाकारण बसली, तिची फी परत मागणारा अर्ज आम्ही विद्यापीठाला दिलेला आहे. पोच तिच्या त्याच प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये आहे. उत्तर आलेले नाही. पुढच्या महिन्यात ती स्वतः, काळा कोट घालून, त्यावर नोटीस काढणार आहे.